काढणारा हात कुणाचा?

वाराणसीत बनारस रेल्वे इंजिन कारखाना आहे आणि तिथून काही किलोमीटरवर, लंका चौकात, बनारस हिंदू विद्यापीठाचे भव्य फाटक. कारखान्यातल्या फिटरला बडतर्फ करायचे म्हटले की राज्यघटनेचा अनुच्छेद 311 आडवा येतो. ज्याने नेमणूक दिली, त्याच्याहून खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याला ते करता येत नाही. विद्यापीठातल्या प्राध्यापकाला हे कवच नाही. पगार केंद्राच्या पैशातून येत असला तरी तो नागरी पदावरचा सरकारी नोकर नव्हे. त्याची भिस्त 1915 च्या विद्यापीठ कायद्यावर आणि त्याखालच्या परिनियमांवर.

खालच्या अधिकाऱ्याने काढलेला असा एखादा बडतर्फीचा आदेश कोर्टात रद्द झाला की बातमी ठरलेली: ‘तांत्रिक मुद्द्यावर सुटला.’ या ‘तांत्रिक’चा मला संताप येतो. ज्याच्या हाताखाली माणूस रोज राबतो, त्याच्याशीच त्याचे खटके उडतात. रजा, बिले, बदली, तोंडावर केलेली तक्रार. त्याच साहेबाच्या हाती बडतर्फीची लेखणी दिली, तर खोट्या बिलावर सही करायला नकार देणारा कारकून किती दिवस टिकेल? म्हणून लेखणी वरच्याकडे, जरा लांब बसलेल्याकडे ठेवली आहे. इंग्रजांनासुद्धा हे कळत होते. 1919 च्या भारत सरकार कायद्यात ही तरतूद होती.

मध्य रेल्वेच्या कृष्णकुमार यांचे 1979 चे प्रकरण पाहा. नेमले मुख्य विद्युत अभियंत्याने, काढले विभागीय सहायक विद्युत अभियंत्याने. रेल्वे म्हणाली, त्यांच्या पदावर नेमणुका करण्याचे अधिकार आता या सहायकालाही दिले आहेत. सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांनी ते मानले नाही. नेमणुकीच्या दिवशी अधिकार कुणाकडे होता ते बघायचे. मागाहून खाली दिलेल्या अधिकाराने आधीच्या माणसाचे संरक्षण जात नाही. पुण्याच्या या न्यायाधीशाचा हा छोटासा निकाल प्रत्येक आस्थापना शाखेच्या भिंतीवर लावायला हवा.

बनारस विद्यापीठाची गोष्ट याहून बोचरी. तिथल्या गटबाजीची चौकशी मुदलियार समितीने केली, 1958 मध्ये कायदा बदलला, आणि ठपका आलेल्यांची प्रकरणे तपासायला परिनियमात खास वाट आखून दिली. काही अध्यापकांवर त्या वाटेने कारवाई सुरूही झाली. मग कार्यकारी परिषदेने मध्येच ती सोडली आणि नोटिशीऐवजी पगार हातावर ठेवून त्यांची सेवा संपवली. अक्षयबर लाल यांच्या नावाने 1961 च्या निकालसंग्रहात हे प्रकरण आहे. सर्वोच्च न्यायालयाने परिषदेला माघार घ्यायला लावली. परिषद ही विद्यापीठाची सर्वोच्च कार्यकारी सत्ता, तरीही. आरोप ठेवायचा आणि तो सिद्ध करण्याची वेळ आली की साधी सेवासमाप्ती म्हणायचे, हा पळपुटेपणा होता.

आपल्याकडे महाराष्ट्रात नागरी सेवेचे शिस्त व अपील नियम 1979 पासून आहेत. कुणी कुणाला कोणती शिक्षा द्यायची ते त्यात लिहिले आहे. तरी आदेशाच्या तळाशी नीट पाहा. मोठ्या साहेबांचे पदनाम, त्याच्या बाजूला बारीक अक्षरात ‘करिता’, आणि त्यावर दुसऱ्याचीच सही. निर्णय साहेबांनी फाइलवर घेतला असेल आणि पत्र फक्त खालच्याने पाठवले असेल, तर चालते. पण टिपणीवर साहेबांचा शेराच नसला तर तो कागद रद्दी. मग लाचखाऊसुद्धा वर्षानुवर्षांच्या थकबाकीसह परत येतो. ती थकबाकी करदात्याने भरायची आणि चुकीची सही करणाऱ्याने बढती घ्यायची, हे कुठवर चालायचे? त्याच्या पगारातून कापा.

फाइल नीट चालवली की होते. मुंबईचे पोलीस अधिकारी सचिन वाझे यांना मे 2021 मध्ये चौकशीविना बडतर्फ केले, अनुच्छेद 311 मधल्या अपवादाचा आधार घेऊन, आणि आदेश खुद्द मुंबईच्या पोलीस आयुक्तांचा होता. त्या अपवादाने चौकशी टळते, अधिकाऱ्याचा दर्जा टळत नाही.

आणि ठेकेदाराचा माणूस? कचरा तोच उचलतो, ड्रेनेजमध्ये तोच उतरतो, वाराणसीत असो की ठाण्यात. त्याला मुकादमाचा फोन येतो, ‘उद्यापासून येऊ नकोस.’ कारण नाही, कागद नाही, अपील कुणाकडे करायचे तेही ठाऊक नाही. कायम पदे भरायची टाळून सरकारनेच अशा प्रत्येक संरक्षणाच्या बाहेर एवढी माणसे उभी केली आहेत. काम सरकारी असेल तर काढण्याचा आदेशही लेखी हवा, कारणासह हवा, आणि तो महापालिकेच्या जबाबदार अधिकाऱ्याच्या मंजुरीशिवाय लागू होता कामा नये. पुढच्या निविदेत ही अट घालायला घटनादुरुस्ती लागत नाही.