सोयाबीन द्या, डबा न्या

एका डब्यात किती सोयाबीन मावतं, हा प्रश्न स्पर्धा परीक्षेत कधी येत नाही. आला, तर वर्धा जिल्ह्यातला कुठलाही शेतकरी पैकीच्या पैकी गुण घेईल. नावाजलेल्या कंपनीचा किलोभर व्हे प्रोटीनचा डबा दोन-अडीच हजारांना पडतो. 2025-26 च्या हंगामासाठी सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला 5328 रुपये. हमीभाव मिळण्याचा चमत्कार घडलाच, तर अडीच हजारांच्या डब्यासाठी 47 किलो सोयाबीन मोजावं लागेल. चमत्कार घडला नाही आणि "ओलावा जास्त हाय", "काडीकचरा हाय" हे नेहमीचं भजन ऐकून माल टाकला, तर अर्धा क्विंटल कधी ओलांडला ते कळतही नाही.

आता पुढचा हिशेब पाहा. सोयाबीनमध्ये शंभरातले 36 ते 40 भाग प्रथिनं असतात. म्हणजे बापाने गाडीत भरून हिंगणघाटच्या बाजारात 17-18 किलो प्रथिनं नेऊन टाकली, आणि त्याच पैशात पोराने पाठीवरच्या बॅगेतून पाऊण किलो प्रथिनं घरी आणली. मधल्या सतरा किलोंचं काय झालं? त्यांचं भलं झालं. सोयाबीनमधून 18-20 टक्के तेल निघतं, ते आपल्या कढईत येतं. उरते ती पेंड. सगळी प्रथिनं त्या पेंडीत, आणि पेंड जाते कोंबड्यांना, नाहीतर बंदरावर. जिल्ह्यातलं सगळ्यात सुदृढ आहार घेणारं कोणी असेल, तर ती पोल्ट्रीतली कोंबडी. ती एकही रील न बघता महिना-दीड महिन्यात दोन किलोंची होते.

इथे जिमवाले हरकत घेतात, आणि हरकत रास्त आहे. कच्चं सोयाबीन पचत नाही. त्यातले काही घटक प्रथिनं पचूच देत नाहीत, ते उष्णतेने मोडावे लागतात. मान्य. त्यासाठी जे अत्याधुनिक यंत्र लागतं, त्याला कढई म्हणतात.

डबा घेतं कोण, ही या बाजारातली खरी मौज आहे. पुण्या-मुंबईच्या दुकानदाराला वाटेल की शरीरसौष्ठवपटू घेत असतील. आपल्याकडे शरीरसौष्ठवपटू मोजके. आपल्याकडचं खरं गिऱ्हाईक म्हणजे पोलीस भरतीवाला पोरगा. पहाटे साडेचारला रस्त्याच्या कडेने जो धावताना दिसतो, दिवसा अभ्यासिकेत बसतो आणि दर महिन्याला घरी "मेसचे पैसे" मागतो, तो. त्याचा आणि दुकानदाराचा संवाद असा चालतो:

"भाऊ, सोळाशे मीटरसाठी कोणतं चालते?"

"मास गेनर ने. पोट्टे तेच नेऊन रायले."

"पण मले धावाचं हाय ना. वजन कायले वाढवू?"

"बाप्पा! मंग गोळा कोण फेकन? तुया बाप?"

पोरगा गप्प बसतो, कारण बापाने गोळा फेकला नसला तरी पैसे त्यानेच फेकायचे असतात. भरतीची शारीरिक चाचणी 50 गुणांची. त्यातले 20 गुण 1600 मीटर धावण्याला, 15 गुण 100 मीटरला आणि 15 गोळाफेकीला. म्हणजे 35 गुण जो माणूस स्वतःचं वजन लवकरात लवकर दुसरीकडे नेईल त्याला. आणि आमचा उमेदवार ते वजनच विकत घेऊन येतो. मास गेनरच्या डब्यामागची बारीक अक्षरं वाचली तर बहुतेकदा पहिलं नाव प्रथिनांचं नसतंच. ते असतं माल्टोडेक्स्ट्रिनचं, म्हणजे मक्याच्या स्टार्चपासून केलेल्या, साखरेसारख्याच वेगाने रक्तात उतरणाऱ्या भुकटीचं. डब्यावर मात्र गोरिला. आपल्या पोराने गोरिलाचा फोटो बघून मक्याचं पीठ दीड हजाराला घ्यावं, आणि त्याच मक्याला भाव नाही म्हणून मामाने आंदोलनाला जावं, यालाच अर्थशास्त्रात मूल्यवर्धन म्हणतात.

आहाराचे सल्ले देणारे हे जिममधले आणि मोबाइलमधले लोक आपल्याला नवे वाटतात. या जिल्ह्याचा पहिला इन्फ्लुएन्सर 1930 च्या दशकातच होऊन गेला. उघड्या अंगाने वावरायचा, ताटातली भाजी तोलून-मापून घ्यायचा, कडुनिंबाच्या पाल्याची चटणी पाहुण्यांनाही वाढायचा आणि आपले आहाराचे प्रयोग स्वतःच्या साप्ताहिकात छापायचा. 1935 साली वर्ध्याच्या मगनवाडीत त्याने सोयाबीनचे प्रयोग केले आणि 'हरिजन'मध्ये त्यावर लिहिलं. तेव्हा आपल्या शिवारात सोयाबीन नव्हतं. ते इथलं मुख्य पीक व्हायला आणखी अर्धं शतक जायचं होतं. एवढं सगळं करून गड्याने 'बापू10 हा कोड टाका आणि दहा टक्के सूट मिळवा' असं काही सांगितलं नाही, त्यामुळे धंदा बसला. वयाच्या 61व्या वर्षी दांडीपर्यंत 385 किलोमीटर चाललेला हा माणूस आज कुठल्याही जिमच्या भिंतीवर लागला, तर 'आधी' आणि 'नंतर' या दोन चौकटींपैकी 'आधी'च्या चौकटीत लागेल.

1936 साली हेच गांधीजी सेगावात, म्हणजे आजच्या सेवाग्रामात, राहायला आले. त्याच वर्षी शेजारच्या अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी भारतीय व्यायामप्रकार दाखवायला गेलं होतं. तालमीतल्या मातीत वाढलेली ती माणसं. खुराक होता तो दूध, तूप, बदाम, चणे, केळी यांचा. खुराकाला पैसा तेव्हाही लागायचा, ते काही स्वस्ताईचं रामराज्य नव्हतं. गरिबाचा पोरगा वस्तादाच्या नाहीतर गावाच्या जीवावर पहिलवान व्हायचा. फरक एवढाच की दूध कुठल्या म्हशीचं, हे पिणाऱ्याला ठाऊक असायचं. कोल्हापूरच्या गंगावेशीत तर गिऱ्हाइकासमोर धार काढून ग्लास हातात द्यायची रीतच होती. परवाना क्रमांक शिंगांवर.

डब्याची म्हैस कोणी पाहिलेली नाही. 2024 साली केरळमधल्या डॉक्टरांनी बाजारातली 36 प्रोटीन सप्लिमेंट्स तपासून निष्कर्ष 'मेडिसिन' या नियतकालिकात छापले. जवळजवळ 70 टक्के डब्यांवरचा प्रथिनांचा आकडा आत सापडलेल्या आकड्याशी जुळत नव्हता. काहींत तर सांगितल्याच्या निम्मीच प्रथिनं होती. सुमारे 14 टक्क्यांत बुरशीचं विष, म्हणजे अफ्लाटॉक्सिन, सापडलं. ही चोरी करायची रीतही शिकण्यासारखी आहे. प्रथिनं मोजायची जुनी, स्वस्त पद्धत थेट प्रथिनं मोजत नाही, नायट्रोजन मोजते. मग भुकटीत ग्लायसीन, टॉरीन असली स्वस्त अमिनो आम्लं मिसळली की यंत्र खूश होतं आणि स्नायू उपाशी राहतात. चीनमध्ये 2008 साली याच न्यायाने बाळांच्या दुधाच्या भुकटीत मेलामाइन मिसळलं गेलं आणि लाखो बाळं आजारी पडली.

आपल्या गिऱ्हाइकाने यावर उपाय शोधलाय: महाग ते अस्सल. अठराशेचा आणि एकोणतीसशेचा असे दोन डबे समोर ठेवले, तर पोरगा एकोणतीसशेचा उचलतो, आणि नकली माल भरणाराही नेमका त्याच डब्याची नक्कल करतो, कारण अठराशेच्या डब्याची नक्कल करून त्याला काय मिळणार? दिल्ली-नोएडाकडे पोलिसांनी असले नकली प्रोटीनचे कारखाने पकडले आहेत. मैदा, साखर, रंग, वास, चकचकीत लेबलं आणि वर होलोग्राम. होलोग्राम तेवढा अस्सल दर्जाचा असतो.

ज्यांना आख्खा डबा परवडत नाही त्यांच्यासाठी जिममध्ये सुट्टा स्कूप मिळतो. पानटपरीवर सुटी सिगारेट मिळते तशीच सोय, फक्त इथे ट्रेनर स्वतःच्या हाताने शेकर हलवून देतो. हा ट्रेनर म्हणजे एकाच टी-शर्टात गुरू, डॉक्टर, आहारतज्ज्ञ आणि वितरक. त्याचं कमिशन किती, हे विचारणं हा गुरूचा अपमान. डबा मात्र संपल्यावरच खरा कामाला लागतो. खेड्यातल्या स्वयंपाकघरात जाऊन बघा. फळीवर स्टीलच्या डब्यांच्या रांगेत एक काळाकुळकुळीत, लाल झाकणाचा, दंडाच्या बेटकुळ्या दाखवणारा डबा दिसेल. माउली त्यात तूरडाळ भरते. त्या डब्यात प्रथिनं खात्रीने आहेत, शंभर ग्रॅमला वीसच्या वर, अशी वेळ त्याच्या आयुष्यात तेव्हा येते.

व्हे विष नाही, हेही सांगून टाकतो, नाहीतर उद्या जिमवाले दारात येतील. ते दुधातलंच प्रथिन आहे, दूध फाटल्यावर वेगळ्या होणाऱ्या पाण्यातलं. चांगल्या प्रतीचं असेल तर पचतं, उपयोगी पडतं. क्रिएटिन ही जिममधली दुसरी भुकटी तर अभ्यासांत टिकलेल्या मोजक्या गोष्टींपैकी एक. पण हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने मे 2024 मध्ये आहाराच्या मार्गदर्शक सूचना काढल्या, त्यात शरीर कमावण्यासाठी प्रोटीन पावडरी टाळा, असं स्पष्ट म्हटलंय. निरोगी माणसाला दिवसाला, वजनाच्या दर किलोमागे 0.83 ग्रॅम प्रथिनं पुरतात. साठ किलोच्या पोराला पन्नास ग्रॅम. घाम गाळणाऱ्याला थोडी अधिक, हे खरं. पण शंभर ग्रॅम सोया वड्यांतच पन्नास ग्रॅम असतात, एका अंड्यात सहा, मूठभर फुटाण्यांत तेवढीच. अडचण अशी की मेसच्या ताटात भात डोंगराएवढा, पोळ्या चार आणि वरण असं की त्यात डाळ पोहायला शिकेल. पोराची भूक खरी आहे. तो जाहिरातीला फसतो, पण ताटाबद्दलची त्याची तक्रार खोटी नाही. ताटाने ज्याला हाकललं तो डब्याकडे जाणारच.

आणि बाजाराला ती भूक बरोबर कळली. आता प्रत्येक गोष्टीत प्रोटीन आहे. अमूलचं प्रोटीनवालं ताक आलं, लस्सी आली. मॅकडोनाल्ड्सने 2025 मध्ये बर्गरमध्ये घालायची पाच ग्रॅम प्रथिनांची चकती काढली, वर 25 रुपये देऊन. वाट बघतोय ती आर्वी नाक्यावर 'हाय-प्रोटीन तर्री पोहा' अशी पाटी लागण्याची. तर्रीत चणे पहिल्यापासूनच असतात, पण ते फुकट घालतात म्हणून त्यांना कोणी प्रोटीन म्हणत नाही. पाटवडी बेसनाची, झुणका बेसनाचा. 1995 साली राज्य सरकारने एक रुपयात झुणका-भाकर विकली, तेव्हा आपण एका प्रथिनयुक्त राष्ट्रीय मोहिमेत सहभागी आहोत हे कोणाच्या लक्षातच आलं नाही. लेबल नव्हतं ना! वर्ध्याचा गोरसपाकही अजून बिचारा गोरसपाक म्हणूनच विकला जातो. त्याला काळ्या पाकिटात घालून 'गोरस प्रो' म्हटलं, तर किंमत तिप्पट आणि गिऱ्हाईक दुप्पट.

सरकार मात्र या लाटेत वाहून गेलेलं नाही. शाळेतल्या पोरांना आठवड्यातून एक अंडं द्यायचं 2023 च्या अखेरीस सुरू केलं, आणि जानेवारी 2025 मध्ये त्याचा निधी काढून घेतला. हवं तर लोकवर्गणीतून द्या म्हणाले. सहा ग्रॅम प्रथिनांचा एवढा मोठा बोजा तिजोरीला पेलवत नाही. तेच पोरगं दहा वर्षांनी भरतीला उभं राहतं, तेव्हा त्याच सरकारला त्याची छाती फुगवून पाच सेंटिमीटर वाढलेली हवी असते.

इथपर्यंत हसण्यावारी नेता येतं. यापुढचं नाही. डब्याने जमलं नाही की काही ठिकाणी त्याच काउंटरखालून इंजेक्शन निघतं. मेफेंटरमिन नावाचं हे औषध शस्त्रक्रियेत घसरलेला रक्तदाब वर आणण्यासाठी असतं. भूल देणारा डॉक्टर यंत्रावर नजर ठेवून ते देतो. जिममध्ये ते 'स्टॅमिना'साठी टोचलं जातं, आणि ते बेकायदा विकणाऱ्यांना पुण्यासह राज्यात अनेकदा पकडलं आहे. धावताना दम लागला हे कळूच नये, अशी सोय ते करतं. हृदयाला मात्र कळतं. आपण एकूण देश म्हणूनही या खेळात आघाडीवर आहोत: 2023 मध्ये तपासलेल्या 5606 नमुन्यांपैकी 213 नमुन्यांत उत्तेजकं सापडली, आणि जास्त नमुने तपासणाऱ्या देशांत हे प्रमाण सर्वांत वरचं होतं. सापडलेल्या खेळाडूंपैकी काहीजण "डब्यात काय होतं मला माहीत नव्हतं" असं सांगतात. काहीजण खरंच सांगतात.

तेव्हा भरतीच्या पोट्ट्यांनो, डबा घ्यायचाच असेल तर घ्या, पण पक्क्या बिलावर घ्या. डब्यावर 14 आकडी परवाना क्रमांक आहे का बघा, सील बघा, घटकांमध्ये पहिलं नाव कशाचं आहे ते वाचा. सुट्टा स्कूप घेऊ नका. रिकामा डबा भंगारात देण्याआधी लेबल फाडा, म्हणजे नकली माल भरणाऱ्याला तो कामी येणार नाही. आणि कोणी इंजेक्शन पुढे केलं, मग तो ट्रेनर असो की जिवलग मित्र, तर अन्न व औषध प्रशासनाला 1800-222-365 वर कळवा. फोनचे पैसे पडत नाहीत.