ऐकलंत का, भिशीला काय झालं?

अहो वहिनी, जरा इकडं सरा. सांभाळून, तारेला पदर अडकंल. काल भिशीला नव्हतात ना? माय, लै मोठं बघायचं हुकलं तुमचं!

यजमानीणबाईंच्या सुनेनं टीव्हीवर 'दोघी' लावला. सुमित्रा भाव्यांचा हो, १९९५ चा, रेणुका दफ्तरदार अन् सोनाली कुलकर्णीचा. लग्नाला येताना वाटेतच अपघात होतो, नवरदेव जातो अन् सगळं गाव नवरीलाच अपशकुनी ठरवतं. तेवढ्यात आपल्या कोपऱ्यावरच्या काकू म्हणाल्या, "कसले हे लोक, बिचाऱ्या पोरीचा काय दोष?"

अन् सगळ्या गप्प! अहो, ९३ च्या साली भूकंपात ज्या घरातलं दुसरं कुणी राहिलं नाही, तिथल्या नव्या नवरीला पांढऱ्या पायाची म्हणणाऱ्या ह्याच की काकू! तीच नवरी काल चहाचा ट्रे घेऊन समोर उभी. म्हणते कशी, "घ्या काकू. भूकंप काय पायानं येतोय व्हय?" काकूंचं तोंड… मी तर बशीतच बघत बसले.

तर काय सांगत होते, भावेबाई. पुण्याच्या. कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवायच्या, झोपडपट्टीतल्या बायांवर रिसर्च करायच्या. पण त्या जाडजूड रिपोर्टचा त्या बायांना काय उपयोग? ज्यांचं त्यांनाच वाचता येईना. मग म्हणे पिक्चरच काढू! सिनेमाचं शिक्षण ना ट्रेनिंग. १९८५ ला 'बाई' केला, तेव्हा वय बेचाळीस. आपण त्या वयात गुडघे धरून बसतो. अन् पहिल्याच फिल्मला नॅशनल अवॉर्ड!

पुढं सुनील सुकथनकर आले जोडीला. लिहायच्या ह्या, दिग्दर्शन दोघांचं. 'देवराई'त स्किझोफ्रेनिया, 'नितळ'मध्ये कोड… ज्या गोष्टी आपण पोरीचं स्थळ बघताना दाबून ठेवतो ना, त्याच नेमक्या पडद्यावर. 'कासव'ला तर सुवर्णकमळ, २०१७ ला. दिल्लीचं, हो!

२०२१ च्या एप्रिलमध्ये गेल्या बिचाऱ्या.

पण खरी मजा पुढंच. पुढच्या भिशीला भावेबाईंचाच 'अस्तु' लावणारेत. मोहन आगाशे विसरभोळे झालेले संस्कृतचे पंडित, हत्तीच्या मागं निघून जातात अन् माहुताची बायको सांभाळते त्यांना. अमृता सुभाष. कानडी बोलते हो! आपल्याला कुठं खालची अक्षरं वाचायची गरज, उमरग्याच्या बाजाराला जाऊन जाऊन निम्मं कळतंय.

भिशी कुणाकडं म्हणता? त्यांच्याच… सासरे दोनदा बसस्टँडवर सापडले अन् "फिरायला गेले होते" म्हणून सांगतात, त्यांच्याकडं. नक्की या. अन् बसा माझ्याशेजारी, तिथून सगळ्यांची तोंडं दिसतात.