मॉडवाला भाऊ

मॉडवाला भाऊ हा नागपूरच्या हुडकेश्वर भागात आढळणारा, साधारण सतरा ते सव्वीस वयाचा इसम. मानेवाडा, बेसा, नरसाळा या बाजूंनाही तो सापडतो. गेम बनवणाऱ्या कंपनीने जे दिलेले नाही, पण जगात कुठल्यातरी हौशी माणसाने बनवून फुकट वाटले आहे, ते गेममध्ये बसवणे म्हणजे मॉड लावणे. नुसते मॉड लावणारे पुष्कळ असतात, त्यांचा या नोंदीत समावेश नाही. लावलेले मॉड चालू स्थितीत ठेवणे हा ज्याचा मुख्य उद्योग, तो मॉडवाला भाऊ. त्याचे कपडे आणि केस तरुणाचे, पण मते सेवानिवृत्तांची असतात: नवीन ते बिघडलेले, जुने ते टिकाऊ, आणि प्रत्येक गोष्टीची एक प्रत आपल्याजवळ असलीच पाहिजे.

या इसमाच्या दोन जाती आहेत. पहिली फोनवाली. तिचे क्षेत्र म्हणजे ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ हा मालेओ या इंडोनेशियन कंपनीचा २०१७ चा गेम. इंडोनेशियात वाहने डाव्या बाजूने चालतात आणि स्टिअरिंग उजवीकडे असते, त्यामुळे तिथल्या रस्त्यावर आपली एसटी परकी वाटत नाही. महाराष्ट्रातल्या पोरांनी हे फार लवकर ओळखले आणि जावा बेटावरच्या घाटांतून लाल परी व शिवशाही धावू लागल्या. गाडीचा मॉड वेगळा मिळतो, तिच्या अंगावरचे रंगकाम म्हणजे लिव्हरी वेगळी मिळते. बहुतेक फाइली झिपमध्ये कुलूपबंद असतात. पासवर्ड व्हिडिओत सांगितलेला असतो, तो व्हिडिओच्या शेवटाकडे असतो आणि ऐन त्या वेळी पार्श्वसंगीत मोठे होते. एवढे करून गाडी मिळाली की फोनवाला आधी पाटी वाचतो. ‘नागपूर–उमरेड’ या पाटीत उमरेडचा ‘रे’ फुटून मात्रा शेजारच्या अक्षरावर गेलेली असेल, तर ती गाडी आगारातच राहते. इंजिनाचा आवाज, डिझेल, ब्रेक यांबाबत तो उदार असतो. पाटीबाबत नाही.

दुसरी जात पीसीवाली, आणि खरा अभ्यासविषय तीच. तिची उपजीविका तीन गेमांवर चालते: नोव्हेंबर २०११ मध्ये आलेला ‘स्कायरिम’, २०१२ चा ‘युरो ट्रक सिम्युलेटर २’ आणि पीसीवर एप्रिल २०१५ मध्ये आलेला ‘जीटीए ५’. यांपैकी कोणताही गेम तो खेळताना दिसेलच असे नाही. तो गेमची व्यवस्था बघताना दिसतो. रात्री वडील दाराशी येऊन विचारतात, “काहून रे, अजून गेमच खेळून राह्यला का?” तेव्हा तो दुखावतो. “खेळून नाही राह्यलो बाबा, लोड ऑर्डर लावून राह्यलो.” हे उत्तर पूर्णपणे खरे असते आणि त्यामुळेच ते घरात कोणाला पटत नाही.

लोड ऑर्डर म्हणजे कोणता मॉड आधी वाचला जावा आणि कोणता नंतर, याचा क्रम. दोन मॉडनी एकाच वस्तूला हात लावला असेल तर कोणाचे चालायचे, हे या क्रमावर ठरते. ‘स्कायरिम’मध्ये नंतरचा म्हणजे यादीत खालचा जिंकतो. ‘युरो ट्रक’च्या मॉड मॅनेजरमध्ये वरचा जिंकतो. दोन्ही गेम सांभाळणाऱ्या भाऊचा निम्मा थकवा या एका फरकातून येतो. ‘स्कायरिम’च्या सुधारित आवृत्तीत पूर्ण वजनाचे २५४ प्लगइन (म्हणजे मॉडच्या मुख्य फाइली) बसतात आणि हलक्या प्रकारचे ४०९६. ही सोय झाली तेव्हा जागा पुरेल असे सर्वांना वाटले होते. क्रम लावून देणारे ‘लूट’ नावाचे साधन फुकट मिळते. मॉडवाला भाऊ ते चालवतो, त्याने लावलेला क्रम नीट वाचतो आणि मग हाताने बदलतो.

मॉड बिघडण्याचे मुख्य कारण म्हणजे अपडेट. बरेच मोठे मॉड थेट गेमवर चालत नाहीत. त्यांना मध्ये एक दुवा लागतो: ‘स्कायरिम’ला एसकेएसई, ‘जीटीए ५’ला स्क्रिप्ट हुक व्ही. गेमच्या प्रोग्राममधले कोणते काम मेमरीत कोणत्या पत्त्यावर होते, हे या दुव्याने पाठ केलेले असते. कंपनीने एखादी बारीकशी चूक दुरुस्त करून प्रोग्राम नव्याने बांधला की सगळे पत्ते सरकतात. हुडकेश्वरच्या नव्या लेआउटमध्ये प्लॉटचे नंबर एका रात्रीत बदलावेत आणि कुरिअरवाल्याने जुन्या नंबरावर जाऊन भलत्याच घरात पार्सल द्यावे, तसे हे होते. फरक एवढाच की भलत्या घरी पार्सल गेले तर गेम तत्काळ बंद पडतो. यावर उपाय म्हणून ‘ॲड्रेस लायब्ररी’ निघाली. प्रत्येक व्हर्जनसाठी जुन्या-नव्या पत्त्यांची यादी ती जवळ ठेवते आणि मॉड तिला विचारून पुढे जातो. स्क्रिप्ट हुक व्हीची रीत याहून सरळ आहे. नवे व्हर्जन दिसले की तो ओळख नसल्याचा संदेश देतो आणि कामाला नकार देतो.

अपडेटची वेळही त्रासाची असते. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर उन्हाळ्यात सकाळचे दहा वाजतात, तेव्हा हुडकेश्वरला रात्रीचे साडेदहा झालेले असतात. तिकडचा कर्मचारी कॉफी घेऊन बटण दाबतो आणि इकडे कूलरच्या घरघरीत एका पोराची झोप जाते. हे केवळ त्याच्या एकट्याच्या नशिबी येते असे नाही. ‘फॉलआउट ४’ या गेमसाठी स्वयंसेवकांनी बनवलेला ‘फॉलआउट: लंडन’ हा प्रचंड मॉड २३ एप्रिल २०२४ रोजी यायचा होता. ‘फॉलआउट ४’चे मोठे अपडेट २५ एप्रिलला येणार असल्याचे कळले आणि मॉड लांबणीवर पडला. तो २५ जुलैला आला. मॉडवाला भाऊ या घटनेचा उल्लेख घरातले लोक ऐतिहासिक अन्यायांचा करतात त्या सुरात करतो.

प्रतिबंधक उपाय ठरलेले आहेत. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात गेमचे अपडेट फक्त गेम सुरू करतानाच व्हावे अशी सोय आहे, ती निवडायची आणि मग स्टीमवरून गेम कधीच सुरू करायचा नाही, एसकेएसईच्या लोडरवरूनच करायचा. गेम ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये ठेवायचा नाही, कारण विंडोज तिथे लिहायला आडकाठी करते. अँटिव्हायरसला गेमच्या फोल्डरपासून लांब ठेवायचे, कारण अनोळखी डीएलएल फाइल दिसली की तो न विचारता उचलतो. चालू सेव्हमधून मॉड काढायचा नाही, कारण मॉड गेला तरी त्याच्या स्क्रिप्ट सेव्हमध्ये राहतात आणि तासांनंतर त्रास देतात. ही शिस्त वर्षभर टिकते आणि दिवाळीत मोडते. वर्ध्याहून आलेल्या मावसभावाला स्टीमचे हिरवे ‘प्ले’ बटण दिसते. तो ते दाबतो. प्ले लिहिलेले बटण दाबू नये, हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

बिघाड झाल्यावर दोषी शोधण्याची पद्धत अर्ध्या-अर्ध्याची आहे. समजा १२८ मॉड आहेत. त्यांपैकी ६४ बंद करायचे आणि गेम चालवून बघायचा. चालला तर गुन्हेगार बंद केलेल्यांत, नाही चालला तर उरलेल्यांत. मग ३२, मग १६. हिशेबाने सात फेऱ्यांत एक नाव हाती येते. प्रत्यक्षात एक मॉड दुसऱ्यावर टेकलेला असतो, तिसऱ्याला दोघेही लागतात, आणि पुष्कळदा गुन्हेगार एकटा नसून जोडीने काम करत असतो. हा तपास चालू असताना आईने जेवायला बोलावले की “आलोच” हे उत्तर येते. भाजी दोनदा गरम होते. तिसऱ्यांदा ती गरम होत नाही आणि पीसीचा प्लग हा विषय निघतो. शेवटी सापडलेला दोषी बहुधा कोंबडीच्या पिसांचा रंग बदलणारा मॉड असतो. तो काढण्याचा निर्णय मात्र लगेच होत नाही.

मॉड बनवणाऱ्याशी त्याचे नाते अत्यंत सभ्य असते. मामाच्या पत्राला कधी उत्तर न देणारा हा तरुण पोलंड किंवा ब्राझीलमधल्या अनोळखी माणसाला गेमचे व्हर्जन, मॉडची पूर्ण यादी आणि क्रॅश लॉग जोडून नीटनेटका अर्ज पाठवतो. ‘आपल्या सवडीने’ हे शब्द त्यात दोनदा येतात, कारण समोरचा माणूस फुकट काम करतो, त्याची परीक्षा येते, नोकरी लागते, लग्न होते आणि मॉड अनाथ होतो. याउलट गल्लीतले नवशिके त्यालाच निरोप पाठवतात, “भाऊ, चालून नाही राह्यलं.” काय, कुठले व्हर्जन, कधीपासून, काही नाही. तेव्हा त्याला ब्राझीलवाल्याच्या मनाचा अंदाज येतो.

समाजाला त्याचा उपयोग बराच आहे. शेजारच्या काकूंचा प्रिंटर तोच चालू करतो, कारण काही करण्याआधी तो जुने ड्रायव्हर जपून ठेवतो. मात्र त्याच्या घरातल्या कोणत्याही फोनवर नवे अपडेट पंधरा दिवसांच्या आत पडत नाही. “आधी लोकांचं काय होऊन राह्यलं ते पाहू” हे त्याचे धोरण बाबांनाही मान्य आहे. बापलेकांचे एकमत असलेला घरातला हा एकमेव विषय आहे.

वयानुसार त्याच्या तीन अवस्था होतात. पहिलीत तो दिसेल तो मॉड उतरवतो. दुसरीत नोंदींची वही ठेवतो. तिसरीत सगळे गोठवतो: नोव्हेंबर २०२१ मध्ये ‘स्कायरिम’चे ॲनिव्हर्सरी अपडेट आले, तरी १.५.९७ हे आधीचे व्हर्जन धरून बसलेले अनेक जण आहेत आणि त्यांना ते सोडायला सांगणे व्यर्थ आहे. नव्या गेमबाबतही धोरण हेच. ‘द एल्डर स्क्रोल्स ६’ची घोषणा जून २०१८ मध्ये झाली. तो कधीही येवो, पहिली दोन वर्षे घ्यायचा नाही, असे हुडकेश्वरात ठरून गेलेले आहे.