खाली दवाखाना, वर घर

तालुक्याच्या गावी डॉक्टर नवरा-बायको बहुधा खाली दवाखाना आणि वर घर अशी इमारत बांधतात. त्या घरातली मुलं ‘धावू नका, खाली पेशंट आहेत’ हे ऐकतच मोठी होतात. तीच इमारत उचलून बंदरात तरंगत ठेवली, की ‘मर्सी शिप्स’चं जहाज झालं. डॉन आणि डिऑन स्टीव्हन्स या दांपत्यानं १९७८ मध्ये ही संस्था काढली. तिची जहाजं आफ्रिकेतल्या बंदरांत महिनोन्महिने धक्क्याला लागून असतात आणि फाटलेले ओठ, चेहऱ्यावरच्या गाठी, वाकडे पाय, मोतीबिंदू यांच्या शस्त्रक्रिया फुकट करतात. वरच्या मजल्यांवर स्वयंसेवकांचे संसार, मुलांची शाळासुद्धा.

या पोरांवर मुलांसाठी माहितीपटांची मालिका करायची तर कशी करावी, याचा विचार मी (कोणी विचारलं नसताना) अधूनमधून करतो.

दिग्दर्शक मोठा माणूस असेल, तर पहिला भाग थेट ऑपरेशन थिएटरात आणि मागे व्हायोलिन. कॅमेरा मुलाच्या हाती दिला, तर पहिला भाग डेकवरच्या छोट्या पोहण्याच्या तलावाचा. दुसऱ्यात शाळेची तक्रार. ‘बस चुकली’ म्हणायची सोय नाही. शाळा दोन जिने चढून. पोट दुखायचं म्हटलं, तर आजूबाजूला सगळे डॉक्टर. बाई आणि बाबा एकाच जेवणाच्या रांगेत उभे राहणार, म्हणजे गृहपाठाची बातमी ताट भरायच्या आत घरी!

तिसरा भाग जहाजाचाच. संस्थेच्या ‘आफ्रिका मर्सी’ या जहाजाचा जन्म १९८० चा, डेन्मार्कमधला. तेव्हाचं नाव ‘ड्रोनिंग इंग्रिड’, आणि काम रेल्वेचे डबे पोटात घेऊन ग्रेट बेल्टची सामुद्रधुनी ओलांडण्याचं. १९९७ मध्ये आगगाड्या पुला-बोगद्यातून जाऊ लागल्या आणि इंग्रिडबाई घरी बसल्या. २००७ पासून त्या इस्पितळ चालवतात; जिथे डबे उभे राहायचे तिथे आता खाटा आहेत. आपण नेमकं उलटं केलं. १९९१ मध्ये मुंबईहून निघालेल्या लाइफलाइन एक्सप्रेसच्या डब्यांतच ऑपरेशन थिएटर थाटलं. ती गाडी वेळेत डेन्मार्कला पोचली असती, तर जहाजाच्या पोटात इस्पितळ आणि तेही चाकांवर! मुलांना हे चित्र काढायला सांगावं. मोठ्यांना जमणार नाही.

रक्ताचा भाग मात्र पोरांनीच सांगावा. जहाजावरची माणसं हीच तिथली रक्तपेढी. गरज पडली की बोलावणं येतं, आणि सकाळी पाव वाढणाऱ्या काकांचं रक्त दुपारी खालच्या वॉर्डातल्या कुणाला तरी चढतं. पोरांना यात नवल वाटत नाही. काका संध्याकाळी खेळायला येणार की नाही, एवढाच त्यांचा प्रश्न.

पैशांचं काय? पगार नाही. उलट राहण्या-जेवण्याचे पैसे हे स्वयंसेवक दरमहा स्वतः भरतात. लष्कराच्या भाकऱ्या भाजणारे आपण पाहिलेत. पण भाजायच्या आणि वर स्वतः खाल्लेल्या भाकरीचेही पैसे मोजायचे, हे आपल्या आजीला समजावून सांगायला वेगळा भाग लागेल.

शेवटचा भाग गॅरी पार्कर या शल्यविशारदाच्या घरचा. काही महिन्यांसाठी म्हणून हा गृहस्थ जहाजावर चढला आणि तीस वर्षांहून अधिक काळ राहिला. बायको जहाजावरच भेटली, दोन्ही मुलं तिथेच वाढली. कुठल्याशा फॉर्मवर ‘कायमचा पत्ता’ या रकान्यात ती काय लिहीत असतील, तेवढं दाखवलं तर मी तो भाग दोनदा बघेन.