टक्केकाका

लिफ्टमध्ये भेटलेल्या माणसाला आपण "काय, कसं काय?" विचारतो आणि उत्तराची वाट न बघता मोबाइलमध्ये डोकं घालतो. टक्केकाका विचारतात, "गेल्या १५ दिवसांत काही आजारपण?" नाही म्हटलं की लगेच पुढचा प्रश्न, "आणि गेल्या ३६५ दिवसांत रुग्णालयात दाखल?" तिसऱ्या मजल्यावर राहणारा वाचतो. सातव्या मजल्यावरच्यांना हल्ली जिना परवडतो.

काकांची उभी हयात राष्ट्रीय नमुना पाहणीत गेली. खांद्याला झोळी, झोळीत शेड्यूलांचा गठ्ठा, एसटीचा प्रवास आणि गावात उतरल्यावर अनोळखी माणसाच्या ओट्यावर बसून त्याच्या घरात महिन्याला मीठ किती लागतं ते विचारायचं, अशी ही नोकरी. निवृत्तीच्या पैशांत फ्लॅट इथेच बसत होता म्हणून काका विश्रांतवाडीत आले. आता मात्र ते निराळं कारण सांगतात. "पेठेत राहून देश कळत नाही हो. इथं बघा!"

बघण्यासारखं आहे हे खरं. एका अंगाला लोहगावचा हवाई तळ, दुसऱ्या अंगाला दिघीची लष्करी हद्द. त्यामुळे कुठल्या कुठल्या मुलखातली माणसं नोकरीला आली आणि निवृत्त होऊन आळंदी रोडच्या आसपासच राहिली. आमच्या एका इमारतीत गढवालचे सुभेदार आहेत, कोट्टायमच्या नर्सबाई आहेत, धुळ्याकडचं कुटुंब आहे आणि वॉचमन बिहारचा. डोक्यावरून सुखोई गेलं की या सगळ्यांची बोलणी मध्येच तुटतात. आवाज विरल्यावर आपण काय सांगत होतो ते बाकीचे आठवत बसतात. काका त्याच दशांश चिन्हापासून पुढे सुरू करतात.

सुभेदारांनी एकदा सहज "आमची भाषा हिंदी" म्हटलं, तर काकांनी त्यांना जिन्यातच थांबवलं. घरी बायकोशी काय बोलता? गढवाली. मग गढवाली सांगा! सुभेदार म्हणाले, काय फरक पडतो? काका म्हणाले, कोष्टकात पडत नाही, कारण गढवाली हिंदीच्याच पोटात धरतात, आणि पाच कोटींची भोजपुरीसुद्धा. पण सांगताना तर खरं सांगा. २०११ च्या जनगणनेत लोकांनी सांगितलेल्या मातृभाषांची नावं भरली १९,५६९. छाननी करून उरल्या १,३६९. त्यात संस्कृत मातृभाषा असलेले २४,८२१. "यातले किती जण सकाळी दूधवाल्याशी संस्कृतात भांडतात ते मला बघायचंय." धुळ्याच्या वहिनी घरात अहिराणी बोलतात आणि बाहेर विचारलं की मराठी सांगतात, हे कळल्यापासून तर काका हळहळतात. अहिराणीला खानदेशीत धरून स्वतंत्र रकाना दिलेला आहे, आणि तो भरायला या तयार नाहीत!

काकांचं खरं दुःख वेगळं आहे. साऱ्या देशाच्या सरासऱ्या तोंडपाठ, पण सरासरीचा माणूस काही त्यांना भेटत नाही. म्हणून आमच्या वॉचमनला तिसरी मुलगी झाली तेव्हा काका पेढा खायला आणि पाळण्याचे पैसे द्यायला स्वतः खाली उतरले. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत बिहारचा जननदर जेमतेम ३ आहे, महाराष्ट्राचा १.७. "हा माणूस बघा! बरोबर राज्याच्या सरासरीवर!" असं म्हणत त्यांनी त्याची ओळख येणाऱ्या-जाणाऱ्याला करून दिली. वॉचमनला वाटलं, आपल्याला काहीतरी सरकारी योजना लागू झाली. तो अजून काकांना विचारतो, पैसे खात्यात कधी येणार?

२९ जूनला काका इमारतीत पेढे वाटतात. "आज महालनोबिसांचा वाढदिवस." पहिल्या वर्षी दोघा-तिघांनी हे नवे नगरसेवक का म्हणून चौकशी केली. नमुना पाहणी १९५० साली त्यांनी उभी केली. त्यांचा जन्मदिवस म्हणजे राष्ट्रीय सांख्यिकी दिन. काकांच्या देवघरात गणपतीच्या शेजारी महालनोबिस आहेत. पण पुणेकर असल्यामुळे त्यांना एकट्यांना सगळं श्रेय द्यायला काकांचा जीव धजत नाही. १९४९ च्या राष्ट्रीय उत्पन्न समितीवर अध्यक्ष महालनोबिस होते हे सांगितलं की "आणि सदस्य आपले धनंजयराव गाडगीळ" हे आलंच, आणि दुसरे सदस्य राव यांचं नाव मात्र घाईत येतं. गोखले संस्थेच्या फाटकावरून रिक्षा गेली की काका नमस्कार करतात. तिथे १९७१ साली वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी २,२५० उष्मांकांच्या आधारावर देशातली गरिबी मोजली. त्या हिशेबावर आक्षेप घेणारेही आपलेच, साताऱ्याकडच्या बुध गावचे पां. वा. सुखात्मे. एकाच माणसाची अन्नाची गरजसुद्धा दिवसागणिक कमीजास्त होते, तेव्हा सरासरीखाली दिसला तो उपाशी असं धरू नका, हे त्यांचं म्हणणं. या वादात काका वारानुसार बाजू बदलतात. श्रीखंड असलं की ते सुखात्म्यांचे. "आज शरीराची गरज वरच्या टोकाला आहे," म्हणून वाटी पुढे करतात. कारल्याच्या दिवशी दांडेकर-रथ, कारण उष्मांक आधीच पुरे झालेले असतात.

काकू हे सगळं चाळीसएक वर्षं ऐकत आल्या आहेत. काका आमटीचा भुरका मारून म्हणतात, "आजची आणेवारी पंचावन्न." त्यावर काकू म्हणतात, "पन्नासच्या खाली लावा की एकदा. दुष्काळ जाहीर होईल, मीही माहेरी जाईन." वेळेच्या वापराची २०२४ ची पाहणी आली तेव्हा मी तिथेच बसलो होतो. काकांनी मोठ्यानं वाचलं: घरकामात बायकांची दिवसाला २८९ मिनिटं जातात, पुरुषांची ८८. काकू पोळ्या लाटत होत्या.

"यांची ८८ कुठे जमा होतात म्हणे?"

"अगं, ती सरसकट नाहीत. घरकाम करणाऱ्या पुरुषांचीच सरासरी आहे ती."

"मग तुम्ही त्यात नाहीच."

काकांनी तळटीप पुन्हा वाचली. काकू पारिभाषिक दृष्ट्या बिनचूक होत्या.

तसा माणूस रकान्यात बसवण्याचा काकांना भारी सोस. रोजगाराच्या पाहणीत प्रत्येकाच्या कामाला क्रमांक असतो, आणि आमची इमारत काकांना क्रमांकांनी ठाऊक आहे. ते स्वतः ९४, निवृत्तिवेतनवाले. काकू ९२, घरकाम. चौथ्या मजल्यावरचा मुलगा चार वर्षं एमपीएससीची तयारी करतोय, तो शिकणारा म्हणून ९१ की काम शोधणारा म्हणून ८१, यावर काकांचा निर्णय होत नाही. मुलाचे वडील हात जोडून म्हणाले, "काहीही लावा, फक्त तो ९७ नको." ९७ मध्ये इतर येतात, भिकाऱ्यांसकट.

पण याच सोसापायी मी काकांना एकदा खरोखर चिडलेलं पाहिलं. पहिल्या मजल्यावरच्या ताई पोळीभाजीचे डबे देतात. पहाटे उठून कणीक मळतात, धानोरीपासून टिंगरेनगरपर्यंतच्या एकट्या राहणाऱ्या पोरांचं पोट त्यांच्यावर चालतं. कुणीतरी चौकशीला आलं असता त्यांचे यजमान दारातूनच म्हणाले, "ती काही नाही करत, घरीच असते." काका जिन्यावरून ओरडले, "अकरा! ती अकरा आहे! स्वयंरोजगार!" यजमानांना वाटलं, अकरा डबे. ते म्हणाले, "नाही हो, वीस-बावीस असतील." मग काकांनी ताईंना बाहेर बोलावलं आणि "मी काम करते, धंदा माझा आहे" हे वाक्य त्यांच्याकडून पाठ करून घेतलं. कामकरी बायकांचा आकडा आपल्याकडे इतका खाली का, यावर मी बरेच लेख वाचलेत. त्या दारातल्या एका वाक्यानं मला जेवढं समजलं तेवढं त्यांतल्या एकानंही समजावलं नव्हतं.

टीव्हीवर आकडे फेकून भांडणाऱ्यांचा काकांना मनस्वी राग आहे. त्यांचं म्हणणं, यातल्या एकानंही आयुष्यात कुणाचं मीठ विचारलेलं नाही. आकडा कसा निघतो ते काकांना विचारावं. शेतकऱ्याला पीक विचारलं की ते कमी होतं आणि कर्ज विचारलं की वाढतं, कारण हातात कागद घेऊन आलेला माणूस एकतर वसुलीचा असतो नाहीतर माफीचा. सासऱ्यासमोर सून चहाची पत्ती अर्धी सांगते. गावात चहा घेतल्याशिवाय पहिला प्रश्न विचारता येत नाही. शहरात पहिला प्रश्न विचारायला वॉचमन वर सोडत नाही. बंगल्यातून "आम्हाला काही घ्यायचं नाही" एवढंच ऐकू येतं, म्हणून गरिबाची भाकरी पाव भाकरीपर्यंत मोजली जाते आणि श्रीमंताचे काजू-बेदाणे राहून जातात. हे सगळं ठाऊक असून काकांचा आकड्यांवर विश्वास आहे. किंबहुना ठाऊक असल्यामुळेच. "लोक खोटं बोलतात हो, पण सगळे आपापल्या जागी तेच ते खोटं बोलतात. मग त्याचा हिशेब ठेवता येतो." हे विधान शास्त्रात कितपत बसतं मी सांगू शकणार नाही. काकांच्या तोंडी पटतं.

आषाढीच्या वारीत मात्र शास्त्र हरलं. माउलींची पालखी आळंदीहून पुण्याला येताना आमच्या चौकातून जाते. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात "लाखो वारकरी" असं येतं, ते काकांना झोंबतं. लाखो म्हणजे किती? एका वर्षी ते हातात मोजायचं यंत्र घेऊन बीआरटीच्या थांब्यापाशी उभे राहिले. योजना चोख होती: दर दहा मिनिटांतलं एक मिनिट मोजायचं आणि दहानं गुणायचं. रथापुढच्या २७ दिंड्या ठरलेल्या, तिथपर्यंत ठीक गेलं. मग एक म्हातारे वारकरी रांगेतून बाहेर आले आणि "माउली" म्हणत काकांच्या पाया पडले. आता पाया पडलेल्याच्या उलट पाया पडायचं ही रीत. काका वाकले तेवढ्यात मिनिट संपलं. पुढच्या मिनिटाला आणखी दोघे. त्याच्या पुढच्या मिनिटाला एका मावशीनं डोक्यावरचं तुळशीवृंदावन काकांच्या हातात दिलं, "धरा जरा, पदर खोचते," आणि ते धरून काका नकळत चालू लागले. फुलेनगरला भानावर आले. त्या वर्षीच्या वहीत वारकऱ्यांच्या पुढे एक फुली आहे आणि शेरा आहे: गणक प्रवाहात सामील.

एवढं करून काकांना स्वतःला कधी कुणी काही विचारलेलं नाही. नमुन्यात त्यांचं घर निघालंच नाही. २०२२-२३ च्या खर्चाच्या पाहणीत देशभरातून २,६१,७४६ घरं निघाली. एकेक घर हजाराहून जास्त घरांच्या वतीनं बोललं. "एकदा तरी हजार घरांच्या वतीनं बोलायला मिळावं," असं ते काकूंना म्हणतात. काकू म्हणतात, "आधी या एका घराच्या वतीनं सिलिंडरवाल्याशी बोला."

आणि मग एक दिवस तशा पाहणीला आमचा ब्लॉक लागला. टॅब घेऊन एक तरुण मुलगी आली. काकांनी तिला खुर्ची दिली, पाणी दिलं, वॉचमनला दम दिला आणि यादी करताना मजलोमजली तिच्या मागे हिंडले. कुणाकडे मोटार आहे, दहा लाखांच्या वरची की खालची, यावर घरांचे गट पडतात. काकांनी आपली स्कूटर अदबीनं दाखवली. दुसऱ्या दिवशी निवड झाली, तिच्यात समोरचं घर निघालं. म्हणजे माझं.

काका दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. मुलाखतीला मात्र आधी येऊन सोफ्यावर बसले. तेल किती म्हटल्यावर मी दोन किलो म्हणालो.

"मंगळवारी यांच्याकडे भजी होती," काका म्हणाले. "वास आला होता."

"काका, उत्तर त्यांनी द्यायचंय," मुलगी हसून म्हणाली. काकांनी मान डोलावली. हेच वाक्य आपण गावोगावी म्हटलेलं आहे, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. पाचच मिनिटांनी त्यांनी माझ्या बायकोला साखरेवरून टोकलं. मग डाळी, दूध, मोबाइलचं बिल, रिक्षा असं करत ती पुढे सरकली, घसा खाकरून तिनं टॅबवरून नजर न उचलता विचारलं, "पान, तंबाखू, दारू?"

मी बायकोकडे पाहिलं. बायकोनं पंख्याकडे पाहिलं. आणि आयुष्यभर लोकांची पातेली मोजलेले टक्केकाका, काही न बोलता, गुडघ्यावर हात टेकून उठले, गॅलरीत गेले आणि बाहेरून दार ओढून घेतलं. मी हळू आवाजात माझं उत्तर दिलं. मुलगी क्षणभर घुटमळली.

गॅलरीतून आवाज आला, "सांगतील तेवढीच लिही गं! गुणाकार कलकत्त्यात होतो!"