रा. रा. बेसिंगस्टोकराव यांस

रा. रा. शहर बेसिंगस्टोकराव, मुक्काम हॅम्पशायर, इंग्लंड, यांस सा. न. वि. वि.

पत्रास कारण की, पुण्याहून आमच्याकडे पाहुणे येताहेत आणि त्यांना ‘जेन ऑस्टेनचं गाव’ बघायचं आहे. तेव्हा पाडायचं काही राहून गेलं असेल तर त्यांचं विमान उतरायच्या आत उरकून घ्यावं, ही नम्र विनंती.

तसं फारसं राहिलेलं नाही, हे मी जाणतो. तुमच्यापासून जेमतेम सात मैलांवर स्टीव्हन्टन. 16 डिसेंबर 1775 रोजी तिथल्या पाळकाच्या घरात बाई जन्मल्या, पंचवीस वर्षं तिथेच राहिल्या. ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’सह तीन कादंबऱ्यांचे पहिले खर्डे याच घरात झाले. बाई 1817 साली गेल्या आणि पुढच्या दहा वर्षांत घरही गेलं. पाडलं कोणी? सख्ख्या भावाने, आपल्या मुलाला नवं घर बांधून द्यायचं म्हणून. (पुण्याच्या पाहुण्यांना हा भाग समजावून सांगावा लागणार नाही.) आता तिथे कुरण आहे, विहिरीची जागा आहे आणि थोरल्या भावाने लावलेलं लाइमचं झाड आहे. चर्च तेवढं शाबूत; देवाचं घर पाडायला भाच्याचं निमित्त पुरलं नसावं.

मॅनीडाउनच्या वाड्याबद्दल मात्र तुमचं खास अभिनंदन. 2 डिसेंबर 1802 च्या संध्याकाळी त्या वाड्यात हॅरिस बिग-विदर नावाच्या तरुण वारसाने बाईंना लग्नाची मागणी घातली. बाई हो म्हणाल्या आणि सकाळी उठून नाही म्हणाल्या. इंग्रजी कादंबरीचं नशीब ज्या एका रात्रीत ठरलं, तो वाडा 1965 साली जमीनदोस्त झाला. आता त्या जमिनीवर हजारो घरांची योजना आहे. ती झाली की मार्गदर्शकाला सांगता येईल, ‘बाईंना रात्रभर झोप लागली नाही ती खोली बहुधा या पार्किंगच्या वर कुठेतरी असावी.’

तुम्ही काहीच केलं नाही असं मात्र कोणी म्हणू नये. 18 जुलै 2017 रोजी, बाईंच्या दोनशेव्या पुण्यतिथीला, तुम्ही बाजारचौकात त्यांचा पुतळा उभा केलात. त्याच वर्षी जानेवारीत पुण्यात राम गणेश गडकऱ्यांचा पुतळा उखडून मुठा नदीत टाकला गेला, म्हणून पुतळ्यांविषयी आम्ही जरा बेतानेच बोलतो. पण बाईंच्या मागे जी देखणी इमारत फोटोत येते, ती 1832 सालची. बाईंनी ती कधी पाहिलीच नाही. त्या तुमच्याकडे नाचाला यायच्या ती जागा ही नव्हे, असं पाहुण्यांना सांगायचं की नाही, हे मी अजून ठरवलेलं नाही.

तिकडे बाथ बघा. बाई तिथे पाच वर्षं राहिल्या, गाव त्यांना मानवलं नाही, एक कादंबरी सुरू केली तीही अर्धीच सोडली. त्या भांडवलावर बाथमध्ये दरवर्षी बॉनेट घातलेल्या बायकांच्या मिरवणुका निघतात. तुमच्या जवळ पंचवीस वर्षं आणि तीन कादंबऱ्या, आणि तुमची ख्याती काय, तर राउंडअबाउट! त्यावरून लोक तुम्हाला ‘डोनट सिटी’ म्हणतात. थॉमस हार्डीने ‘ज्यूड द ऑब्स्क्युअर’मध्ये तुमचं नाव बदलून ‘स्टोक-बेअरहिल्स’ केलं, ते उगाच नव्हे.

पाहुण्यांना मी चॉटनला नेणार आहे. बाईंची अखेरची आठ वर्षं ज्या घरात गेली ते तिथे उभं आहे, आणि ज्यावर त्या लिहीत ते इवलंसं टेबलही. तिकीट पडतं, पण टेबल खरं आहे. वाटेत तुमच्याकडे चहाला थांबू. चहाची दुकानं तुम्ही पाडलेली नाहीत.

कळावे, लोभ आहेच.

आपला,
एक भाडेकरू

ता. क. गिल्बर्ट-सलिव्हनच्या ‘रडिगोर’ या 1887 च्या संगीत नाटकात वेड्या मार्गारेटला झटका येऊ लागला की नवरा ‘बेसिंगस्टोक’ म्हणतो आणि ती शांत होते. कुरण बघून पाहुणे फारच भडकले तर हा उपाय करून बघेन. गुण आला तर कळवतो.