धूम्रशृंगाच्या पायथ्याशी

मोठी कादंबरी लिहायची तर आधी नकाशा काढावा, ही अक्कल मी टॉल्किनकडून उसनी घेतली. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिताना त्यांच्यापुढे नकाशा होता आणि कथेला त्याच्या मापाने चालावं लागलं. त्यांचं भाषांचं ज्ञान, चिकाटी आणि त्या पुस्तकात गेलेली डझनभर वर्षं हा बाकीचा ऐवज मी त्यांच्याकडेच राहू दिला.

ड्रॉइंग शीट आणली. ती गुंडाळी सोडेना, म्हणून एका कोपऱ्यावर शब्दकोश, दुसऱ्यावर अडकित्ता आणि मधोमध स्वयंपाकघरातला वरवंटा ठेवला आणि डावीकडून उजवीकडे उलटे ‘व्ही’ काढत सुटलो. संध्याकाळपर्यंत जादूची पर्वतरांग तयार. नाव ठेवलं धूम्रशृंग. “दम्याचं औषध वाटतंय,” असं म्हणून बायको वरवंटा घेऊन गेली. त्याच्याखाली कोथिंबिरीच्या चटणीचा हिरवट डाग उमटला होता. तिथे मी निबिड अरण्य दाखवलं. पुढे ज्यांनी ज्यांनी नकाशा पाहिला, त्यांना तेवढं अरण्यच आवडलं.

जादू देताना मात्र मी हात आखडला नाही. खिंडीत कुणी खोटं बोललं की धुकं दाटणार. रात्री वाटा जागा बदलणार. वर बर्फाचे कडे, कुणी मोठ्याने हसलं की कोसळणारे. पक्ष्यांनी मधूनच निसटू नये म्हणून शिखरांवर वादळ बसवलं.

अनुभव तेवढा कमी पडत होता. टॉल्किन १९११ साली, एकोणिसाव्या वर्षी, स्वित्झर्लंडमध्ये डोंगर तुडवत हिंडले. एका हिमनदीजवळ वरून धोंडे गडगडत आले आणि ते थोडक्यात बचावले. ‘द हॉबिट’मधली पर्वत ओलांडण्याची धामधूम त्याच भटकंतीतून आली. मी सिंहगडावर गेलो. धोंडे आले नाहीत. मडक्यातलं दही आलं, पिठलं-भाकरी आली, खेकडाभजी आली आणि उतरताना गुडघा बोलू लागल्यावर शेअर जीप आली. त्याचा परिणाम कादंबरीवर झालाच. नायक, त्याची बहीण, एक म्हातारा वैद्य आणि खेचर ही मंडळी तिसऱ्या प्रकरणात धूम्रशृंगाच्या पायथ्याशी पोचली, ती नवव्या प्रकरणातही तिथेच पिठलं-भाकरी खात बसलेली. रोज सकाळी वैद्य वर बघायचा आणि म्हणायचा, “उद्या पाहू.”

टॉल्किनची मंडळीही अडली होती. कॅराध्रास पर्वताने बर्फ ओतून त्यांना माघारी धाडलं. पण टॉल्किननी खाली मोरियाच्या खाणी तयार ठेवल्या होत्या. कॅराध्रासची पर्वतरांगही त्यांच्या पुराणात उगाच उगवलेली नाही. ओरोमे या देवाच्या घोडदौडीला खोडा घालायला मेल्कोरने ती उभी केली. म्हणजे कुणाला अडवायचं, हे त्या खलपुरुषालासुद्धा ठाऊक होतं. मी अडवलं ते लेखकाला.

अशात भूशास्त्र शिकणारी पुतणी सुट्टीला आली आणि नकाशावर ओणवी झाली.

“काका, ही नदी समुद्रातून निघून डोंगर चढतेय.”

“जादूची आहे.”

“आणि वारा पश्चिमेचा, तर मग पूर्वेला एवढी भातखाचरं कशी? ढग महाबळेश्वरला रिकामे होतात म्हणून तर माण-खटावात टँकर फिरतात.”

आता मला सूर सापडला. “कृष्णा बघ. तिथेच उगम. अरबी समुद्र पासष्ट किलोमीटरच्या आत. आणि ही बाई पाठ फिरवून सुमारे १,४०० किलोमीटर चालत बंगालचा उपसागर गाठते! हे मी लिहिलं असतं, तर सोडलं असतंस मला?”

“तिथे उतार पूर्वेला आहे, काका. तुमच्या डोंगराला उतारच नाही. नुसते व्ही आहेत.”

“मोर्डोरचे डोंगर तर काटकोनात वळलेत! टॉल्किनचं चालतं?”

“त्यांची कथा चालते. तुमची बसलीय.”

त्या रात्री इरेला पेटून तोडगा काढला. एक तपस्वी येतो, पर्वत त्याच्यापुढे वाकतो आणि तो सांगतो, मी परतेपर्यंत असाच वाकून राहा. लिहिताना माझ्याच अंगावर काटा आला. सकाळी पुतणीने वाचलं. “हा अगस्ती. आणि हा विंध्य.” मग मी धूम्रशृंगाला पंख फुटवले. “मैनाक,” ती म्हणाली. खरंच, आपल्या पूर्वजांनी पर्वतांना पंख दिले, ते इंद्राकडून छाटवले, एक समुद्रात दडवला, एकाची रवी करून समुद्र घुसळला, एक मारुतीच्या हातावर दिला. पर्वताचं करण्यासारखं मागच्यांना काही म्हणून ठेवलेलं नाही.

शेवटी नकाशा पुतणीनेच मागून घेतला. शनिवारी तिच्या मैत्रिणी ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ खेळायला जमतात. १९७४ सालापासून चालत आलेला हा खेळ. सूत्रधार प्रसंग सांगतो, बाकीचे पात्रं होतात आणि अवघड जागी फासा टाकतात. पुतणी सूत्रधार. मला एक बुटका कुऱ्हाडवाला दिला.

खिंडीत पर्वताने विचारलं, कशासाठी आलात? माझ्या नायकाने इथे धर्म, न्याय आणि मानवजात यांवर दीड पान भाषण केलं होतं. धुकं दाटेल नाहीतर काय! एक मुलगी वेफर्स खात म्हणाली, “पलीकडे खजिना आहे म्हणे. तो हवाय.”

धुकं विरलं. वाट मोकळी! मी आनंदाने खो खो हसलो.

“मोठ्याने हसलात,” पुतणी माझीच वही चाळत म्हणाली.

“ते मी हसलो. कुऱ्हाडवाला गप्प होता.”

“फासा टाका.”

वीस पैलूंचा फासा घरंगळत जाऊन एकावर थांबला. आख्खा कडा माझ्या डोक्यावर आला. मुलींनी कुऱ्हाड आणि दोरी वाटून घेतली आणि त्या पुढे निघाल्या.

“अगं, पण पुढे कुठे?” मी विचारलं. “शीट तर तिथेच संपते.”

“मेलेल्यांनी बोलायचं नसतं, काका. पाच कप चहा टाका, एक बिनसाखरेचा.”